लुगड्याचा रंग

आमच्या यावलच्या घरीं देवघरावर रविवर्म्याच्या छापखान्याची लक्ष्मी आहे. कसरीनें तिचा एक कोपरा खाल्ला; तेव्हां वेगळ्या झालेल्या दोघां बंधूंच्या घरींही तिची प्रत असावी असें ठरलें. नातवानें आपल्या जुन्या स्कॅनरवर चित्र उतरविलें. पडद्यावर लुगडें कुंकवासारखें दिसलें. छापून आलें तें विटकरी! मधले बंधु म्हणाले, "अण्णा, अस्सल तुमच्याकडे, आणि आम्हांस हें उतरलेलें." बोल थट्टेचा होता, पण आम्हांस लागला.

मग या प्रकरणांत आम्हीं लक्ष घातलें. स्कॅनर, पडदा व छापयंत्र हीं तिन्ही रंग आंकड्यांनीं सांगतात. परंतु एकाच आंकड्याचा अर्थ प्रत्येकाच्या मुखीं निराळा. पडदा प्रकाश मिळवितो, छापयंत्र शाई घालतें, आणि पडद्यावरील कांहीं झगझगीत रंग शाईस साधतच नाहींत. १९३१ सालीं प्रकाशविषयक आंतरराष्ट्रीय मंडळानें मानवी दृष्टीवरून रंगांचें माप ठरविलें. यंत्राचे आंकडे त्या मापांत सांगणारा जो कोश, तो 'प्रोफाइल'. १९९३ सालीं आठ कंपन्यांनीं आयसीसी मंडळ स्थापून या कोशास सामाईक रूप दिलें. मुंबईस १८९४ सालीं निघालेला व पुढें मळवलीस गेलेला रविवर्म्याचा छापखाना हें काम कारागिराच्या डोळ्यावर सोपवी. तेथें रंगागणिक निराळी शिळा लागे.

नातवाजवळ वीस वर्षांपूर्वींचा कोश होता, परंतु तो रचणारा प्रोग्राम नव्या संगणकावर चालेना. कोश मात्र वाचतां येई! आम्हांस हर्ष झाला, नातू म्हणाला, "आजोबा, स्कॅनरचा दिवा तेव्हांचा राहिला कोठें?" दिवा म्हातारा झाला कीं जुनी साक्ष खोटी. शेवटीं ग्रॅम गिल यांनीं रचलेला आर्गिल नांवाचा फुकट मिळणारा प्रोग्राम त्यानें घेतला, मापलेल्या रंगांच्या चौकटींचा तक्ता आणवून स्कॅनरवर ठेवला, आणि नवा कोश सिद्ध केला. छापण्यासाठीं कागदास जुळणारा निराळा कोश लागतो, कारण कागदाचा पांढरेपणाही हिशेबांत येतो. (एके काळीं यावलचा हातकागद व नीळ प्रसिद्ध होती, त्या जाड्याभरड्या कागदावर ही लक्ष्मी कशी दिसती कोण जाणे.)

दुसरी प्रत खिडकीशीं धरली. लुगडें मुळाशीं जवळजवळ जुळलें. रात्रीं दिव्याखालीं मात्र पुन्हां किंचित् फरक दिसला, कारण दोन निराळ्या शाया एका प्रकाशांत सारख्या दिसल्या तरी दुसऱ्यांत दिसतीलच असें नाहीं. आम्हीं तें बंधूंस स्पष्ट सांगितलें. त्यांनीं प्रत गुंडाळली व म्हणाले, "आमचें देवघर पूर्वेच्या खिडकीशीं आहे, अण्णा."