टेकडीचं देणं

मॅडिसन, विस्कॉन्सिन



इथल्या सरकारी विद्यापीठाच्या आवारात, वेधशाळेजवळ, मातीचे दोन बुटके उंचवटे आहेत. एक पक्ष्याच्या आकाराचा, दुसरा दोन शेपट्यांच्या जलदेवतेचा. इथल्या मूळ रहिवासी हो-चंक लोकांच्या पूर्वजांनी हजारेक वर्षांपूर्वी ते रचले. 1832च्या तहाने या लोकांची जमीन गेली, 1848मध्ये विद्यापीठ झालं आणि हे सांगणारा फलक लागायला 2019 उजाडलं.

हे उंचवटे पाहून वैनगंगेकाठच्या पवनीच्या वाचकांना आपली जगन्नाथ टेकडी आठवेल. 1969-70मध्ये नागपूर विद्यापीठ आणि भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षण खात्याने ती खणली. प्रमुख होते शां. भा. देव आणि जगत्पती जोशी. टेकडीवरच्या देवळाखाली बौद्ध स्तूप निघाला, बुद्धावर फणा धरणाऱ्या मुचलिंद नागाचं शिल्प निघालं आणि दगडी खांबांवर दान देणाऱ्या साध्या स्त्री-पुरुषांची नावं वाचता आली.

अमेरिकेतली मॅडिसनसारखी विद्यापीठंही दानावर उभी आहेत, पण ते दान 1862च्या मॉरिल कायद्याचं. केंद्राने राज्यांना जमीन दिली. ती विकून शेती आणि यंत्रविद्येचं शिक्षण द्यायचं. विस्कॉन्सिनला 2,40,000 एकर मिळाले. मूळ रहिवाशांकडून घेतलेली जमीन दान म्हणून वाटली, हा डाग पुसला जाणार नाही. तरी शेतकऱ्याचं आपण देणं लागतो, हे विद्यापीठाने मानलं. याचं एक उदाहरण दुधाचं. त्या काळी दूध वजनावर विकलं जाई. त्यात पाणी घालणाऱ्यालाही तोच भाव. 1890मध्ये इथल्या स्टीफन बॅबकॉक यांनी गंधकाम्लाने दुधातला स्निग्धांश मोजण्याची सोपी रीत काढली आणि पेटंट न घेता सगळ्यांना देऊन टाकली. आपल्या डेअरीत 'फॅट लागली किती?' असं विचारतात, त्यामागचा न्याय हाच.

नागपूर विद्यापीठ 1923चं. कामठीचे खाणमालक डी. लक्ष्मीनारायण यांनी मृत्युपत्राने आपली मिळकत त्याला दिली, त्यातून 1942मध्ये तंत्रसंस्था उभी राहिली. म्हणजे आपल्या विद्यापीठावरही लोकांचं ऋण आहेच, आणि पवनीचं तर आहेच आहे. उत्खननाचा अहवाल विद्यापीठाने 1972मध्ये छापला, तो इंग्रजीत. शाळेतल्या पोरांना वाचता येईल अशा मराठीत तो पवनीत घरोघरी जायला हवा.

इथे मॅडिसनला उंचवट्यांजवळून पायी फिरवत हो-चंकांचा इतिहास सांगतात. नागपूरच्या विद्यार्थ्यांनी दर हिवाळ्यात पवनीत अशी फेरी काढावी. वैनगंगेच्या वैजेश्वर घाटावरून निघून जुन्या कोटाच्या कडेने टेकडीपर्यंत जाता येईल.

आपला,
एक पवनीकर