पँगाँगची एक दिवसाची सहल : आधी लेहमध्ये विसावा

आपले साकेत नगर समुद्रसपाटीपासून साधारण ५०० मीटर उंचीवर, तर लेह ३,५०० मीटरवर. विमान ही चढण काही तासांत पार करते. शरीराला मात्र वेळ लागतो. म्हणून सहलीच्या कार्यक्रमात लेहचे पहिले दोन दिवस मोकळे दिसले, तर ते वाया गेले असे समजू नये.

तिसऱ्या दिवशी पहाटे गाडी निघते. हिमालय पावसाळी ढग अडवतो, त्यामुळे वाटेत उघडे डोंगर आणि वाळूच. चांग ला ही खिंड ५,३०० मीटरहून उंच. तिथे हवेचा दाब समुद्रसपाटीच्या जवळपास निम्माच. फोटोसाठी धावपळ करू नये. डोके दुखणे, मळमळणे, बसल्याजागी धाप लागणे हे गाइडपासून लपवू नये. त्रास वाढला तर खाली उतरणे हाच खरा उपाय.

खिंडीपलीकडे, सुमारे ४,२५० मीटरवर, पँगाँग तलाव लागतो. त्याचे पाणी खारट का? आपल्या बड्या तलावाचे जादा पाणी भदभद्याच्या दरवाजांतून वाहून जाते. पँगाँगला, लोणारप्रमाणेच, बाहेर पडायला वाटच नाही. पाणी वाफ होऊन उडते, क्षार मागे राहतात. तरीही हिवाळ्यात हा तलाव गोठतो.

संध्याकाळी लेहला परतण्याचा एक फायदा आहे : रात्रीची झोप कमी उंचीवर होते. ज्येष्ठांनी, विशेषतः हृदयाचा किंवा फुप्फुसांचा विकार असल्यास, पैसे भरण्यापूर्वीच डॉक्टरांना विचारावे.