प्रजा समाजवादी पक्ष : उदय, विचार आणि विसर्जन



ज्या शाळेच्या बाकावर बसून मी बाराखडीपासून संस्कृत सुभाषितांपर्यंतची वाटचाल केली, त्याच शाळेने आज मला स्मृतिव्याख्यानासाठी पाचारण केले, हा मी माझा बहुमान समजतो. ज्यांच्या स्मरणार्थ हे व्याख्यान होते, ते आमचे गुरुजी इतिहास शिकवीत. १९६२ च्या सार्वत्रिक निवडणुकीचे दिवस होते. गावातील भिंतींवर चिन्हे रंगविलेली असत. एके दिवशी गुरुजींनी फळ्यावर एक झोपडी काढली आणि तिच्या शेजारी चार आकडे मांडले. ‘या झोपडीला मत द्या’ असे त्यांनी कधीही सांगितले नाही. वर्गात मत मागणे त्यांच्या व्रतात बसत नव्हते. त्यांनी फक्त विचारले, ‘हे गणित सोडवा.’

ते गणित असे होते. १९५१-५२ च्या पहिल्या निवडणुकीत समाजवादी पक्षाला देशभरात सुमारे १०.६ टक्के मते पडली आणि लोकसभेत १२ जागा मिळाल्या. कम्युनिस्ट पक्षाला मते पडली सुमारे ३.३ टक्के आणि जागा मिळाल्या १६. तिप्पट मते मिळवणाऱ्याच्या पदरात कमी जागा का? आम्हांला उत्तर आले नाही. त्या झोपडीची, म्हणजेच प्रजा समाजवादी पक्षाची कथा मी आज सांगणार आहे. हा पक्ष आज अस्तित्वात नाही. तरीही त्याच्या यशापयशात असे काही आहे, की जे सीमाभागातील आपण मराठी माणसांनी तरी विसरू नये.

१. उगम

या पक्षाची मुळे तुरुंगात आहेत. १९३० नंतरच्या सविनय कायदेभंगाच्या पर्वात नाशिकच्या कारागृहात जयप्रकाश नारायण, अच्युतराव पटवर्धन, मिनू मसानी, अशोक मेहता, ना. ग. गोरे आदी तरुण एकत्र आले. स्वराज्य आले तरी शेतकरी कुळच राहणार असेल आणि गिरणीकामगार चाळीच्या अंधारातच मरणार असेल, तर त्या स्वराज्याला अर्थ कोणता, हा त्यांचा प्रश्न होता. मे १९३४ मध्ये पाटण्यास आचार्य नरेंद्र देव यांच्या अध्यक्षतेखाली समाजवाद्यांची परिषद भरली आणि त्याच वर्षी काँग्रेस समाजवादी पक्ष आकारास आला. काँग्रेसच्या घरात राहूनच त्या घराला समाजवादाची दिशा द्यावी, असा त्यामागील हेतू होता.

१९४२ च्या आंदोलनात या मंडळींचे तेज प्रकट झाले. जयप्रकाश हजारीबागच्या तुरुंगाच्या भिंती ओलांडून निसटले. अच्युतराव भूमिगत राहिले आणि सातारच्या प्रतिसरकाराशी त्यांचे नाव जोडले गेले. डॉ. राममनोहर लोहिया गुप्त नभोवाणीच्या कार्यात होते. पुढे १८ जून १९४६ रोजी याच लोहियांनी मडगावात सभाबंदी मोडून गोव्याच्या मुक्तिलढ्याला नवी चालना दिली.

स्वातंत्र्यानंतर काँग्रेसमध्ये स्वतंत्र गट म्हणून राहणे अशक्य झाले. मार्च १९४८ मध्ये, पुन्हा नाशिकलाच, समाजवाद्यांनी काँग्रेस सोडली. त्या वेळी संयुक्त प्रांतातील समाजवादी आमदारांनी केलेली एक कृती मला आजही विलक्षण वाटते. आपण काँग्रेसच्या तिकिटावर निवडून आलो, तेव्हा पक्ष सोडताना जागाही सोडली पाहिजे, असे म्हणून आचार्य नरेंद्र देव व त्यांच्या सहकाऱ्यांनी विधिमंडळाचे राजीनामे दिले. पक्षांतरबंदीचा कायदा यायला तेव्हा ३७ वर्षे अवकाश होता. कोणी विचारले नव्हते, कोणी भाग पाडले नव्हते. पोटनिवडणुकीत आचार्य स्वतः फैजाबादमधून पराभूत झाले. पक्षाच्या आयुष्याचा आरंभच असा नीतीच्या विजयाने आणि मतपेटीतील पराभवाने झाला.

२. गुरुजींचे गणित

पहिल्या सार्वत्रिक निवडणुकीत समाजवाद्यांनी २५० हून अधिक लोकसभा मतदारसंघांत उमेदवार उभे केले. कम्युनिस्टांनी ५० च्या आसपास जागा लढविल्या. पण त्या त्यांच्या संघर्षाच्या भूमीत होत्या. आपल्या निवडणूक पद्धतीत मतदारसंघात ज्याला सर्वाधिक मते, तोच विजयी. दुसऱ्या क्रमांकाच्या मतांना काहीच मोल नाही. त्यामुळे ज्याची मते थोड्या ठिकाणी दाट असतात तो जिंकतो, आणि ज्याची मते देशभर पातळ पसरलेली असतात तो हरतो. शेतकरी एकाच मापाचे पाणी दहा वाफ्यांत सोडतो, तेव्हा एकाही वाफ्याची तहान भागत नाही. गुरुजींच्या गणिताचे उत्तर हे होते.

त्या निवडणुकीत आचार्य कृपलानींच्या किसान मजदूर प्रजा पक्षालाही सुमारे ५.८ टक्के मते आणि ९ जागा मिळाल्या होत्या. झोपडी ही निशाणी मूळची त्यांची. दोन पराभूत पक्षांनी एकत्र यावे हे ओघानेच आले आणि सप्टेंबर १९५२ मध्ये प्रजा समाजवादी पक्ष जन्मास आला. कृपलानी अध्यक्ष आणि अशोक मेहता सरचिटणीस झाले. कागदावर १६ टक्क्यांहून अधिक मते एकवटली होती. परंतु मतांची बेरीज करणे सोपे असते, मनांची अवघड. एकीकडे मार्क्सच्या ग्रंथांवर पोसलेले समाजवादी, दुसरीकडे गांधीजींच्या आश्रमी परंपरेतले कृपलानी.

३. विचारांचे तीन प्रवाह

या पक्षाला विचारांचे दारिद्र्य कधीच नव्हते. उलट, त्याचे दुःख अतिसमृद्धीचे होते.

पहिला प्रवाह आचार्य नरेंद्र देवांचा. बौद्ध दर्शनाचा हा गाढा अभ्यासक मार्क्सवादी होता. पण माणसाच्या स्वातंत्र्याचा बळी देऊन आलेली समता त्यांना मान्य नव्हती. लोकशाहीवाचून समाजवाद नाही आणि समाजवादावाचून लोकशाही अपुरी, ही त्यांची श्रद्धा. साधनशुचितेचा आग्रह धरणारे जयप्रकाश याच वाटेने पुढे गेले, इतके पुढे की १९५४ मध्ये बोधगयेला त्यांनी सर्वोदयासाठी जीवनदान केले आणि पक्षीय राजकारणाकडे पाठ फिरविली. पक्षाचा सर्वांत लोकप्रिय नेता असा पक्षाच्या हातून निघून गेला.

दुसरा प्रवाह अशोक मेहतांचा. १९५३ मध्ये बैतूल येथे त्यांनी मांडलेली भूमिका अशी, की मागासलेल्या अर्थव्यवस्थेच्या काही अपरिहार्यता असतात. भांडवल थोडे, गरजा अफाट. अशा देशात विरोधी पक्षाने नुसता विरोध न करता, जेथे सहमती शक्य आहे तेथे सरकारशी सहकार्य करावे. त्याच सुमारास पंडित नेहरू आणि जयप्रकाश यांच्यात सहकार्याची बोलणी झाली होती. जयप्रकाशांनी चौदा कलमी कार्यक्रम पुढे ठेवला, आणि ती बोलणी फिसकटली.

तिसरा प्रवाह डॉ. लोहियांचा. काँग्रेस आणि कम्युनिस्ट या दोघांपासून समान अंतर राखावे, हा त्यांचा सिद्धान्त. गाव, जिल्हा, प्रांत आणि केंद्र या चार खांबांवर उभे राहणारे राज्य, लहान यंत्रांवर आधारलेले उत्पादन, जातिभेदाचे निर्मूलन हे त्यांचे विषय. फावडे, मतपेटी आणि तुरुंग या तीन साधनांनी राजकारण करावे, असे ते म्हणत. फावडे म्हणजे रचना, मतपेटी म्हणजे निवडणूक आणि तुरुंग म्हणजे अन्यायाचा सत्याग्रही प्रतिकार. १९५१ मध्ये शिमोगा जिल्ह्यातील कागोडू येथे कुळांनी केलेल्या सत्याग्रहात लोहियांना अटक झाली होती. ही चळवळ केवळ मराठी वा हिंदी मुलखापुरती नव्हती, हे आपल्या शेजारच्या या उदाहरणावरून ध्यानात येईल.

४. सत्तेची कसोटी

१९५४ मध्ये त्रावणकोर-कोचीन राज्यात काँग्रेसच्या पाठिंब्याने पट्टम थाणु पिळ्ळै यांचे प्रजा समाजवादी मंत्रिमंडळ आले. ऑगस्टमध्ये तेथील तमिळ भाषक भागातील आंदोलनावर पोलिसांनी गोळीबार केला आणि माणसे मेली. सरचिटणीस लोहिया त्या वेळी उत्तर प्रदेशातील तुरुंगात होते. त्यांनी तेथूनच मागणी केली : स्वतंत्र भारतात आपल्या पक्षाच्या सरकारने नि:शस्त्र लोकांवर गोळी चालविली असेल, तर त्या सरकारने राजीनामा दिला पाहिजे.

पक्ष हादरला. एक बाजू म्हणे, हे एकमेव मंत्रिमंडळ आपण आपल्याच हाताने का बुडवावे? दुसरी म्हणे, इतरांच्या गोळीबाराचा निषेध करायचा आणि आपल्याचा नाही, तर आपण वेगळे ते कशात? त्या वर्षी नागपूरच्या अधिवेशनात बहुमत लोहियांच्या विरुद्ध गेले. १९५५ च्या अखेरीस त्यांनी हैदराबाद येथे वेगळा समाजवादी पक्ष स्थापन केला. दुभंग टाळण्यासाठी झिजलेले नरेंद्र देव फेब्रुवारी १९५६ मध्ये निवर्तले.

बंधुभगिनींनो, तो गोळीबार भाषेच्या प्रश्नातून उद्भवला होता. जानेवारी १९५६ मध्ये आपल्या बेळगावात काय घडले, हे येथे बसलेल्या कोणालाही सांगायला नको. लोहियांची राजकीय घाई मला नेहमीच पटली नाही. पण तो एक प्रश्न त्यांनी योग्य विचारला होता, असे सीमाभागातला माणूस म्हणून मला म्हणावेसे वाटते.

५. मराठी मुलखातील झोपडी

दिल्लीत पक्ष दुभंगत असताना मराठी प्रदेशात त्याने आपले सर्वोत्तम कार्य केले. १८ मे १९५५ रोजी नानासाहेब गोरे व सेनापती बापट यांच्या नेतृत्वाखाली सत्याग्रहींची तुकडी गोव्याच्या हद्दीत शिरली. पोर्तुगीज न्यायासनाने नानासाहेबांना दहा वर्षांची शिक्षा ठोठावली. १९५७ मध्ये त्यांची सुटका झाली. लोहियांच्या गटातील मधु लिमये यांनीही तोच कारावास भोगला. पक्ष दोन झाले होते, तुरुंग मात्र एकच होता. फेब्रुवारी १९५६ मध्ये स्थापन झालेल्या संयुक्त महाराष्ट्र समितीचे सरचिटणीस एस. एम. जोशी होते. कम्युनिस्टांपासून शेतकरी कामगार पक्षापर्यंत परस्परांकडे संशयाने पाहणाऱ्यांना एका मांडवात बसविण्याचे काम त्यांच्या निर्वैर स्वभावानेच साधले. १ मे १९६० रोजी महाराष्ट्र राज्य झाले. बेळगाव, कारवार, निपाणी मात्र बाहेरच राहिली.

आणि बॅरिस्टर नाथ पै! वेंगुर्ल्यात जन्मलेला आणि बेळगावात शिकलेला हा कोकणचा सुपुत्र १९५७, १९६२ आणि १९६७ असा तीनदा राजापूरमधून लोकसभेत गेला. १९६७ च्या गोलकनाथ खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने सहा विरुद्ध पाच मतांनी निर्णय दिला, की मूलभूत हक्कांचा संकोच करणारी घटनादुरुस्ती संसदेला करता येणार नाही. तेव्हा संसदेचा घटनादुरुस्तीचा अधिकार निःसंदिग्ध करणारे खासगी विधेयक नाथ पै यांनी मांडले. घटना लोकांची आहे आणि ती बदलण्याचा अधिकारही लोकांच्या प्रतिनिधींचाच, असा त्यांचा युक्तिवाद होता. विधेयक त्यांच्या हयातीत संमत झाले नाही. १९७१ च्या चोविसाव्या घटनादुरुस्तीने संसदेचा तो अधिकार स्पष्ट केला आणि १९७३ च्या केशवानंद भारती निकालाने त्याला घटनेच्या मूलभूत चौकटीची मर्यादा घातली. पुढच्या आणीबाणीचा अनुभव पाहता ती मर्यादा आवश्यकच होती, असे माझे मत आहे. परंतु पराभूत पक्षाच्या एका सभासदाने साऱ्या देशाला घटनेच्या मुळाशी जाऊन विचार करायला लावले, हे श्रेय त्यांचेच.

१७ जानेवारी १९७१ रोजी हुतात्मा दिनाच्या सभेत ते बेळगावात बोलले आणि काही तासांतच, १८ जानेवारीला, याच नगरीत त्यांचे देहावसान झाले. ते अवघे ४८ वर्षांचे होते. मी तेव्हा महाविद्यालयात शिकत होतो. दुसऱ्या दिवशी गुरुजी भेटले, ते एक शब्दही बोलले नाहीत.

६. विसर्जन

पुढची कथा आकड्यांत आटोपते. १९५७ मध्ये १९ जागा, १९६२ मध्ये १२, १९६७ मध्ये १३. मतांचे प्रमाण दहा टक्क्यांवरून तीन टक्क्यांवर आले. अशोक मेहता १९६३ मध्ये नियोजन मंडळाचे उपाध्यक्ष झाले आणि नंतर काँग्रेसमध्ये गेले. १९६४ मध्ये दोन्ही समाजवादी पक्ष एकत्र आले आणि संयुक्त समाजवादी पक्ष झाला. १९६५ च्या आरंभी ते पुन्हा फुटले. एस. एम. एका पक्षाचे अध्यक्ष आणि त्यांचे जिवलग स्नेही नानासाहेब दुसऱ्याचे! १९७१ च्या निवडणुकीत प्रजा समाजवादी पक्षाला केवळ दोन जागा मिळाल्या. त्यांतील एक नाथ पैंच्या राजापूरची. ती मधु दंडवत्यांनी राखली. त्याच वर्षी दोन्ही पक्ष पुन्हा एक झाले आणि प्रजा समाजवादी पक्ष हे नाव इतिहासजमा झाले. १९७७ मध्ये तो समाजवादी पक्षही जनता पक्षात विलीन झाला.

हा पक्ष का संपला? काँग्रेसने १९५५ मध्ये आवडी येथे समाजवादी धर्तीच्या समाजरचनेचा ठराव केला आणि याची भाषाच उचलली, हे एक कारण. मते पातळ पसरली होती, हे दुसरे. पण माझ्या मते मुख्य कारण घरातलेच आहे. येथे प्रत्येक मतभेद तत्त्वाचा ठरे, आणि तत्त्वाशी तडजोड म्हणजे पाप. ज्या प्रखर सदसद्विवेकाने या माणसांना मोठे केले, त्यानेच त्यांना एकत्र नांदू दिले नाही. स्वतःशी कठोर असणे हा गुण आहे. तीच कठोरता सहकाऱ्याला लावली की संघटना मोडते. आपल्या सीमाभागातील चळवळीनेही फाटाफुटीची फळे चाखली आहेत. म्हणून हा धडा दूरचा नाही.

शाळा सोडल्यावर बऱ्याच वर्षांनी मी गुरुजींना विचारले होते, ‘सर, हरलेल्यांचा इतिहास का शिकवायचा?’ ते म्हणाले, ‘जिंकलेल्यांचा इतिहास ते स्वतःच शिकवतात. हरलेल्यांमधले खरे काय होते, ते शिक्षकाने सांगायचे असते.’ कुळकायदा, ग्रामपंचायतींचे अधिकार, दुर्बलांना राखीव स्थान यांविषयी आज आपण सहजपणे बोलतो, तेव्हा त्या बोलण्यात या झोपडीतल्या माणसांच्या पायपिटीचाही वाटा असतो. गुरुजींनी सोपविलेले ते काम आज माझ्या परीने मी केले.