पाय सुजण्याआधीच्या गोळ्या

पूर्व विदर्भात रोवणीच्या दिवसांत आपल्या बाया सकाळपासून चिखलात वाकलेल्या असतात. त्यातल्या जिला हत्तीरोग आहे, तिच्यासाठी हा चिखलच वैरी. बोटांच्या बेचक्यांतल्या भेगांतून जंतू शिरतात, हुडहुडी भरून ताप येतो, पाय लाल होऊन ठणकतो. ऐन हंगामात मजुरी बुडते, आणि अशा प्रत्येक तापानंतर सूज थोडी वाढलेलीच राहते.

पुरुषांत हा रोग बहुधा अंडवृद्धीच्या रूपात येतो. कपड्याआड लपतो, म्हणून माणूस वर्षानुवर्षे घरातही बोलत नाही. शस्त्रक्रियेने ती बरी होते. मग लाज कशाची?

हे मागल्या जन्माचे भोग नव्हेत. तुंबलेल्या गटारात, घाण पाण्यात वाढणारा क्युलेक्स डास एकाच्या रक्तातले सूक्ष्म जंत दुसऱ्याच्या अंगात पोचवतो. हे जंत रक्तात रात्री दिसतात, म्हणून आरोग्य कर्मचारी रात्री रक्ताचा नमुना घ्यायला येतात. गटार कोणत्या वस्तीत तुंबते आणि कोणत्या वस्तीत उपसले जाते, हे वाचकांना आम्ही सांगायला नको. ग्रामसभेत तो प्रश्न मांडलाच पाहिजे.

गडचिरोली, चंद्रपूर, भंडारा, नागपूर या पट्ट्यात गोळ्यांची मोहीम चालते. नागपूर जिल्ह्यात २०१९ पासून डीईसी आणि अल्बेंडाझोलसोबत आयव्हरमेक्टिनही देऊ लागले. पण आमचा अनुभव असा, की आशाताईंसमोर गोळ्या घेतल्या जातात आणि त्या गेल्या की कोनाड्यात पडून राहतात. "मला काय झालंय?" नेमके इथेच चुकते. अंगात जंत असूनही माणूस अनेक वर्षे धडधाकट दिसतो आणि डासांमार्फत रोग पसरवत राहतो. गोळ्या खाल्ल्यावर कुणाला ताप, मळमळ किंवा चक्कर आली तर बहुतेक वेळा ती जंत मरत असल्याची खूण असते. त्रास जास्त वाटला तर आरोग्य केंद्रात जावे. उपाशीपोटी गोळ्या घेऊ नयेत. गरोदर बाया, दोन वर्षांखालची मुले आणि गंभीर आजारी यांना त्या देत नाहीत.

जुनी मोठी सूज मात्र गोळ्यांनी उतरत नाही. तिथे रोजची निगाच कामी येते. पाय साबणाने हलक्या हाताने धुवावा, बेचके मऊ फडक्याने कोरडे करावेत, भेगांना मलम लावावे, बसताना-झोपताना पाय उंचावर ठेवावा. साबण साधा अंगाचा चालतो.