पगारी संघाचा एक हंगाम : पुणेरी पलटणीचा जमाखर्च



खेळ म्हटला कीं आपल्या डोळ्यांपुढें सामना उभा राहतो. सामन्यामागें असणारा संघ, त्याची जमवाजमव, त्याचा जमाखर्च आणि त्याचीं दुखणीं यांचा विचार आपण सहसा करीत नाहीं. कोण जिंकलें आणि कोण हरलें एवढें वर्तमानपत्रांत वाचलें कीं आपलें कुतूहल शमतें. परंतु ज्या संघाचे खेळाडू खेळण्याबद्दल वेतन घेतात, त्याचा एक संपूर्ण हंगाम नीट पाहिला तर त्यांत मध्यम स्थितींतील संसारासारखाच प्रकार आढळतो : मिळकत ठरलेली, गरजा अनेक, आणि आजारपण केव्हां येईल याचा नेम नाहीं. अशाच एका संघाची, म्हणजे पुण्याच्या ‘पुणेरी पलटण’ या कबड्डी-संघाची, हकीकत आज सांगावयाची आहे.

खेळाबद्दल पैसा घ्यावा कीं घेऊं नये, हा वाद जुना आहे. इंग्लंडांतील रग्बी हा खेळ त्या वादापायींच दुभंगला. तेथील उत्तर भागांत गिरण्यांत आणि कोळशाच्या खाणींत राबणारे लोक हा खेळ खेळत. सामन्यासाठीं दूरच्या गांवीं गेलें कीं त्यांचा त्या दिवसाचा रोज बुडे. तो बुडालेला रोज क्लबानें भरून द्यावा, एवढेंच उत्तरेकडील क्लबांचें मागणें होतें. रग्बी युनियनच्या धुरीणांना तें मान्य झालें नाहीं. खेळ हा हौसेचा, त्यांत मजुरीची भाषा नको, असा त्यांचा बाणा होता. अखेर २९ ऑगस्ट १८९५ रोजीं हडर्सफील्ड गांवीं जमून उत्तरेकडील क्लबांनीं आपला सवता सुभा मांडला. मूळ रग्बी युनियननें आपला हौशी बाणा पुढें शंभर वर्षें टिकविला, आणि १९९५ च्या ऑगस्टांत तोही सोडला. आज तेथील व्यावसायिक क्लब मैदानावर पंधरा खेळाडू उतरवितो, आठ जण बाकावर बसवितो, आणि हंगाम निभावण्यासाठीं याहून कितीतरी अधिक माणसें पदरीं बाळगतो. मुंबईसही हा खेळ परका नाहीं. १८७५ सालीं स्थापन झालेल्या बॉम्बे जिमखान्याच्या मैदानावर तो पिढ्यान्‌पिढ्या खेळला गेला, आणि २०२५ च्या जून महिन्यांत अंधेरीच्या क्रीडासंकुलांत सात-सात खेळाडूंच्या रग्बीची सहा पगारी संघांची स्पर्धाही झाली.

आपल्याकडे हाच प्रश्न कबड्डीच्या अंगणांत उभा राहिला. बडोद्याच्या हिंदविजय जिमखान्यानें १९२३ सालीं या खेळाची मोठी स्पर्धा भरविली, तेव्हांपासून नियमबद्ध कबड्डीस महाराष्ट्रांत आणि बडोद्यांत चांगलें मूळ धरलें. १९३६ सालीं अमरावतीच्या हनुमान व्यायाम प्रसारक मंडळानें बर्लिन येथें ऑलिंपिकच्या प्रसंगीं भारतीय खेळांचीं जीं प्रात्यक्षिकें करून दाखविलीं, त्यांतही कबड्डी होती. परंतु खेळाडूच्या पोटाचें काय, याचें उत्तर त्या काळीं खेळापाशीं नव्हतें. पुढें रेल्वे, पोलीस, बँका आणि मोठे कारखाने यांनीं खेळाडूंस नोकऱ्या दिल्या, आणि खेळ त्या नोकऱ्यांच्या आधारानें जगला. खेळण्याचाच पगार मिळूं लागला तो २६ जुलै २०१४ पासून. त्या दिवशीं ‘प्रो कबड्डी लीग’ आठ संघांनिशीं सुरू झाली. पुणेरी पलटण त्या आठांपैकीं एक. मात्र पहिल्या दोन हंगामांत ती तळाशीं राहिली.

आतां संघ जमवितात कसा, तें पाहूं. दहावा हंगाम २ डिसेंबर २०२३ रोजीं अहमदाबाद येथें सुरू झाला. त्या वेळीं संघ बारा होते. प्रत्येक संघानें किमान अठरा आणि कमाल पंचवीस खेळाडू घ्यावेत, आणि त्यांवर पांच कोटि रुपयांहून अधिक खर्चूं नये, असा दंडक होता. हा दंडक मोठ्या शहाणपणाचा आहे. तो नसता तर सर्वांत श्रीमंत धन्यानें सर्व चांगले खेळाडू विकत घेतले असते, आणि सामन्यांत पाहण्याजोगें कांहीं उरलें नसतें.

पुण्याच्या संघानें या पांच कोटींची वांटणी कशी केली, हें ध्यानांत घेण्यासारखें आहे. ऑक्टोबर १९२३ मध्यें नव्हे, तर बरोबर शंभर वर्षांनंतर, ९ आणि १० ऑक्टोबर २०२३ रोजीं मुंबईंत खेळाडूंचा लिलाव झाला. त्यांत इराणच्या महंमदरझा शादलुई या खेळाडूसाठीं पुण्यानें २ कोटि ३५ लक्ष रुपये मोजले. म्हणजे मर्यादेच्या निम्म्यास थोडीच कमी रक्कम एका माणसावर खर्च झाली! आणि हा गृहस्थ चढाई करून टाळ्या मिळविणारा नव्हे, तर डाव्या कोपऱ्यावर उभा राहून पकड करणारा. दोनच दिवस आधीं, ७ ऑक्टोबर रोजीं, चीनमधील हांगझो येथें आशियाई क्रीडास्पर्धेचा अंतिम सामना भारत आणि इराण यांच्यांत झाला होता. गुणांवरून बराच वेळ वादंग माजून तो सामना भारतानें ३३–२९ असा जिंकला. त्या सामन्याच्या भारतीय चमूंत अस्लम इनामदार आणि आकाश शिंदे हे पुण्याचे दोन खेळाडू होते, आणि समोर शादलुई. परवांचा प्रतिस्पर्धी आज सोबती, हा पगारी खेळाचा धर्मच आहे.

एवढा पैसा एका माणसावर खर्च करणें परवडलें, याचें कारण बाकीचा संघ पुण्यानें बाजारांत घेतला नव्हता. बराचसा घरींच वाढविला होता. तरुण, अप्रसिद्ध खेळाडू हेरून त्यांस तयार करण्याचें काम पलटणीनें आधींपासून चालविलें होतें. कर्णधार अस्लम इनामदार हा अहमदनगर, आतांचें अहिल्यानगर, जिल्ह्यांतील टाकळीभान गांवचा. वडिलांचें छत्र लहानपणींच हरपलेलें. आईनें मोलमजुरी करून मुलांस वाढविलें. चढाईसाठीं त्याच्या जोडीस मोहित गोयत, पंकज मोहिते आणि आकाश शिंदे. बचावांत डाव्या कोपऱ्यावर शादलुई, उजव्या कोपऱ्यावर गौरव खत्री, आणि मधल्या जागा सांभाळण्यास संकेत सावंत व अबिनेश नादराजन. मार्गदर्शक बी. सी. रमेश, यांच्याच हाताखालीं २०१९ सालीं बंगालच्या संघानें विजेतेपद मिळविलें होतें.

येथें एक गोष्ट लक्षांत घ्यावी. चढाई करणारे चांगले खेळाडू एकदम चार कशासाठीं? दोघांवर भागलें नसतें काय? याचें उत्तर मागच्याच हंगामानें देऊन ठेवलें होतें. १७ डिसेंबर २०२२ रोजीं मुंबईंत नवव्या हंगामाचा अंतिम सामना झाला. पुण्यानें तेथवर मजल मारली. पण अस्लम आणि मोहित हे दोघेही प्रमुख चढाईपटू दुखापतीमुळें त्या दिवशीं मैदानाबाहेर होते. जयपूरच्या संघानें ३३–२९ अशी बाजी मारली. केवळ चार गुणांचें अंतर! तीस सेकंदांच्या एका चढाईंत सात जणांच्या कोंडाळ्यांतून निसटून मध्यरेषा गांठावयाची, आणि हें एका हंगामांत शेंकडों वेळां करावयाचें. त्यांत गुडघा, घोटा, खांदा यांपैकीं कांहींतरी दुखावणारच. तेव्हां दुखापत हा अपघात न समजतां तो नित्याचा खर्च समजावा, आणि त्याची तरतूद आधींच करावी, हा धडा पुण्यानें त्या चार गुणांत घेतला.

आतां हंगामाचा हिशेब. त्या हंगामांत प्रत्येक संघास साखळींतील बावीस सामने खेळावयाचे होते. जिंकल्यास पांच गुण मिळत, बरोबरी झाल्यास तीन. आणि हरल्यास कांहीं नाहीं, परंतु सात किंवा त्याहून कमी गुणांच्या फरकानें हरल्यास एक. या शेवटच्या कलमानें हरता संघही शेवटच्या मिनिटापर्यंत झुंजत राही. पुण्यानें बावीसपैकीं सतरा सामने जिंकले, तीन बरोबरींत सोडविले आणि दोन गमावले. सतरा विजयांचे पंचायशी, बरोबरीचे नऊ, मिळून चौऱ्याण्णव. परंतु तक्त्यावर पुण्याचे गुण शहाण्णव आहेत. वरचे दोन कोठून आले? अर्थात्‌ दोन्ही पराभवांतून एकेक! म्हणजे पलटण साखळींत दोनदांच हरली, आणि तीही सात गुणांच्या आंतच. नुसत्या बेरजेवरून आपणांस घरबसल्या हें सांगतां येतें. दुसऱ्या क्रमांकाच्या जयपूरचे गुण ब्याण्णव झाले.

त्या वेळीं पहिल्या दोन क्रमांकांचे संघ थेट उपांत्य फेरींत जात. तिसरा ते सहावा यांस आणखी एक सामना खेळून तेथें यावें लागे. पाय आधींच थकलेले असतां एक सामना वांचणें ही लहान गोष्ट नव्हे. पुण्यानें उपांत्य सामन्यांत पाटण्याचा ३७–२१ असा पराभव केला, आणि १ मार्च २०२४ रोजीं हैदराबादेस हरियाणाच्या संघाशीं अंतिम गांठ पडली. सामना अतिशय चुरशीचा झाला. दोन्हीकडील बचाव इतका चिवट होता कीं एकेक गुण मोजून मापून मिळत होता. अशा वेळीं पहिल्या डावांत पंकज मोहितेनें एकाच चढाईंत चार गडी टिपले, आणि पारडें पुण्याकडे झुकलें. पुढें तें फारसें हललें नाहीं. पुण्यानें २८–२५ असा सामना जिंकला, आणि आपलें पहिलें विजेतेपद व तीन कोटींचें पारितोषिक मिळविलें. त्या सामन्यांत मोहितेचे गुण नऊ होते.

या हंगामाचीं वैयक्तिक बक्षिसें पाहिलीं तर तात्पर्य अधिकच स्पष्ट होतें. सर्वोत्तम चढाईपटूचा मान पुण्यास मिळाला नाहीं; तो दिल्लीच्या आशु मलिकनें पटकावला. मात्र सर्वोत्तम बचावपटू ठरला शादलुई, पकडींचे नव्व्याण्णव गुण मिळवून. आणि सर्वांत मोलाचा खेळाडू ठरला अस्लम, जो चढाई करी, पकडही करी आणि संघही सांभाळी. चढाईचा भार चौघांत वांटला गेल्यामुळें कोणा एकाची संख्या फुगली नाहीं, आणि कोणा एकाच्या पायावर संघाचें नशीब टांगलें गेलें नाहीं. माझ्या मतें या विजयाचें मर्म येथें आहे.

परंतु पगारी संघाचें यश हें भाड्याच्या घरासारखें असतें. पुढच्या हंगामापूर्वीं पुण्यानें शादलुईस मोकळें केलें. २ कोटि ७ लक्ष रुपये देऊन त्यास घेतलें तें हरियाणानें, म्हणजे ज्यास त्यानें अंतिम सामन्यांत हरविलें होतें त्याच संघानें. इकडे अस्लमचा गुडघा दुखावला आणि तो हंगामांतून बाहेर पडला. गतविजेती पलटण आठव्या क्रमांकावर घसरली. २९ डिसेंबर २०२४ रोजीं अंतिम सामना पुण्यांतच, बालेवाडीस, झाला. तो पाटण्याविरुद्ध ३२–२३ असा जिंकला हरियाणानें, आणि त्या विजयी संघांत शादलुई होता. त्याच्या पुढच्या, म्हणजे २०२५ च्या, हंगामांत अस्लम परतला आणि पलटण पुन्हां अंतिम सामन्यापर्यंत पोंचली. ३१ ऑक्टोबर रोजीं दिल्लीनें तिला ३१–२८ असें हरविलें. तीन हंगामांत विजेतेपद, आठवा क्रमांक आणि उपविजेतेपद! एक कोपरा आणि एक गुडघा यांचें मोल यावरून कळावें.

आतां शेवटचा मुद्दा, आणि तो मराठवाड्यांतील श्रोत्यांच्या विशेष जिव्हाळ्याचा. हिंगोली जिल्हा १ मे १९९९ रोजीं परभणींतून वेगळा निघाला. हिंगोली, कळमनुरी, वसमत, औंढा नागनाथ आणि सेनगांव हे त्याचे पांच तालुके. तेथें पगारी संघ नाहीं; पण कबड्डीसाठीं मोकळी जागा आणि अंगांत रग एवढेंच लागतें, आणि त्या दोहोंची तेथें वाण नाहीं. कयाधूच्या कांठच्या एखाद्या गांवीं हळद काढण्याचे दिवस आले आहेत, घरांत प्रत्येक हाताचा रोज हवा आहे, आणि पंधरा-सोळा वर्षांचा मुलगा म्हणतो कीं मला तालुक्याच्या निवडीस जावयाचें आहे. त्याच्या आईपुढें जो प्रश्न उभा राहतो, तो हडर्सफील्डच्या गिरणीकामगाराचाच प्रश्न आहे : बुडालेला रोज कोण भरून देणार?

तिला खरें तें सांगितलें पाहिजे. बारा संघ, प्रत्येकाचे फार तर पंचवीस खेळाडू. म्हणजे परदेशी धरून साऱ्या देशांत तीनशे जागा. त्यांतील पुष्कळांच्या वांट्यास बाकच येतो, आणि गुडघा निकामी झाला तर तोही सुटतो. म्हणून लिलावांतील कोटींचे आंकडे दाखवून कोणीं मुलाची शाळा सोडवूं नये. शाळा, तालुका, जिल्हा आणि राज्य ही जुनी पायरी चढत राहावें. राज्यांतील शासकीय नोकऱ्यांत प्राविण्य मिळविलेल्या खेळाडूंसाठीं पांच टक्के जागा राखून ठेवलेल्या आहेत, त्यांसही अंगीं शिक्षण असावें लागतें. पण त्याचबरोबर हेंही सांगितलें पाहिजे कीं टाकळीभानच्या एका मजूर आईचा मुलगा याच वाटेनें जाऊन विजेत्या संघाचा कर्णधार झाला.

पायरी चढणाऱ्या मुलाचा एखाद्या दिवसाचा रोज, त्याचें दूध, त्याच्या दुखावलेल्या पायाचा औषधपाणी-खर्च हा भार गांवानें, शाळेनें आणि जिल्ह्यांतील सुखवस्तु मंडळींनीं थोडाथोडा वांटून घेतला, तर तो कोणासच जड होणार नाहीं. पलटणीनें चढाईचा भार चौघांत वांटला, म्हणून ती जिंकली. घरें आणि गांवें यांनाही हाच हिशेब लागूं पडतो.