बिनव्याजी सोनं

सोनं दोन तऱ्हेचं असतं, हे मला पाटोद्यात कळलं. एक तिजोरीत ठेवायचं, दुसरं झाडावरून तोडायचं. 1991 साली बीड जिल्ह्यातल्या या तालुक्याच्या गावी माझी बदली झाली, तेव्हा मला फक्त पहिलं ठाऊक होतं. बालाघाटाच्या डोंगरातला हा मुलूख. मांजरा नदी याच तालुक्यात उगम पावते. पण पाणी पुढे वाहून जातं आणि इथल्या माळावर दगडच शिल्लक राहतात. दसरा-दिवाळी झाली की निम्मी गावं ओस पडत. नवरा-बायकोचा मिळून एक 'कोयता', मुकादमाची उचल घेतलेली, बैलगाडीत चूल, भांडी आणि पोरं. अशा टोळ्या ऊसतोडीला निघत. पट्टा पडला की उन्हाळ्यात परत.

आमच्या शाखेत सोनेतारण कर्ज चालायचं. सराफ कसोटीच्या दगडावर दागिना घासून बघायचा, वजन करायचा, मग पाकिटाला लाखेचं सील. तिजोरीच्या दोन किल्ल्या. एक माझ्याकडे, एक कॅशियरकडे.

दसऱ्याच्या आदल्या दिवशी एक म्हातारी आली. तिच्या घरची बोरमाळ आमच्याकडे तारण होती. म्हणाली, "सायब, एका दिसापुरती द्या. सण हाय, सून घालंल. परवा आणून देते. मग लेक-सून जातील कारखान्याला."

"आजी, नियमात बसत नाही."

"बरं," एवढंच म्हणून ती उठली. वाद घातला असता तर मला बरं वाटलं असतं.

दुसऱ्या दिवशी शाखेतल्या सगळ्यांना सोनं वाटावं म्हणून मी शिपायाला आपटा आणायला सांगितलं होतं. साहेबांचा हुकूम, त्यानं भारा आणला. फांद्याच्या फांद्या. संध्याकाळी गावाबरोबर शिवेपर्यंत गेलो. पुरुषांच्या टोप्यांत घटातल्या धान्याचे पिवळसर कोंब खोवलेले. वडीलधाऱ्यांनी आपट्याला हळदकुंकू वाहिलं, हात जोडले, आणि मग पोरं झाडावर तुटून पडली. काडकाड आवाज. दहा मिनिटांत झाडाचा खराटा झाला.

घरी परतलो, तर म्हातारी लेक-सुनेला घेऊन सोनं द्यायला आलेली. सुनेच्या गळ्यात काळी पोत, बाकी काही नाही. मी वाकून नमस्कार केला. म्हातारीची नजर कोपऱ्यातल्या भाऱ्यावर गेली.

"येवढं कशाला तोडलं, सायब? सोनं हाय, वैरण न्हाई."

मग कनवटीचं एक पान काढून तिनं माझ्या हातावर ठेवलं. "हे घ्या. ह्याला याज न्हाई."

ती हसून म्हणाली, पण मला ते लागलं. रात्री रघुराजाची गोष्ट आठवत पडून राहिलो. गुरुदक्षिणेसाठी कौत्साला चौदा कोटी सुवर्णमुद्रा हव्या होत्या. विश्वजित यज्ञात सर्वस्व दान केलेल्या रघूकडे मातीच्या भांड्याखेरीज काही उरलं नव्हतं. तो कुबेरावर चालून जायला निघाला आणि सोन्याचा पाऊस पडला. कालिदासाच्या रघुवंशात, पाचव्या सर्गात, हा पाऊस राजाच्या कोषागारात पडतो. लोककथेनं तो आपट्याच्या झाडावर पाडला. राजा म्हणे सगळं ने, कौत्स म्हणे मला गुरूंपुरतंच हवं. देणारा जास्त देतोय आणि घेणारा जास्त घेत नाही, असा तो तंटा. उरलेलं लोकांनी लुटलं, असं लोककथा सांगते. कौत्स विसरून आपण नेमकी ती लूटच तेवढी लक्षात ठेवली!

पट्टा पडल्यावर उन्हाळ्यात तिच्या लेकानं मुद्दल आणि व्याज मोजून भरलं. पाकिटाचं सील फोडलं, तशी म्हातारीनं काउंटरसमोरच बोरमाळ सुनेच्या गळ्यात घातली. मला पेढा दिला. एकच.

पुढे बदल्या होत गेल्या, पण झाडाकडे बघायची सवय लागली. आपटा हे पानझडी, वेडंवाकडं वाढणारं, माळरानावर तग धरणारं झाड. संस्कृतात अश्मंतक. सालीच्या तंतूंचे दोर वळतात, पानांच्या विड्या बांधतात. पान लहान, जाडसर, लांबीपेक्षा रुंदीला जास्त, जोडलेल्या दोन पाळ्यांचं. शहरातल्या बाजारात 'सोनं' म्हणून पुष्कळदा मिळतो तो कांचन; त्याचं पान मोठं आणि पातळ असतं. म्हणजे एका झाडाच्या नावावर दुसऱ्या झाडाची लूट. बँकेत याला आम्ही खोटं तारण म्हटलं असतं.

सण बंद करा, असं मी म्हणणार नाही. वर्षभराचं भांडण एका पानावर मिटतं, ऊसतोडीला निघालेला माणूस थोरल्यांच्या पाया पडून निघतो. ही किंमत कसोटीच्या दगडावर लागत नाही. पण त्यासाठी पान एक पुरतं, भारा लागत नाही.

निवृत्तीनंतर पाटोद्याकडे गेलो होतो, तेव्हा एका आपट्याच्या वाळक्या शेंगा खिशात घालून आणल्या. पावसाळ्यात बिया रुजवल्या. दोन रोपं जगली, त्यातलं एक आता माझ्या डोक्याच्या वर गेलंय. दसऱ्याला नातवंडांना नियम घातला आहे : आधी झाडाला नमस्कार, मग प्रत्येकी एक पान.

गेल्या दसऱ्याला धाकटीनं दोन तोडली. मी डोळे वटारले. ती म्हणाली, "आजोबा, दुसरं कामाच्या मावशींना. त्या आज उशिरा येणारेत."

मी चष्मा पुसला आणि नियमात दुरुस्ती केली.