माहूर: एकाच डोंगरावर दोन विश्वे

माहूरला जाऊन आलो असे सांगणारे बहुतेक जण रेणुकामातेच्या पायऱ्या चढतात, ओटी भरतात, तांबूल घेतात. वेळ उरला तर जीपने दत्तशिखर उरकतात आणि दिवस मावळायच्या आत परतीला लागतात. देवदर्शन होते, पण माहूर पाहायचे राहते.

नांदेड जिल्ह्याच्या उत्तर टोकाला, पैनगंगेच्या वेढ्यात, सागाच्या जंगलातून वर आलेली ही तीन शिखरे. एकावर रेणुका, दुसऱ्यावर दत्तात्रेय, तिसऱ्यावर अनसूया. नदीपलीकडे विदर्भ सुरू होतो. साडेतीन शक्तिपीठांतले हे एक पूर्ण पीठ. देवीची इथे मूर्ती नाही, शेंदूरचर्चित मुखवटा म्हणजे तांदळा आहे. कथा सगळ्यांना ठाऊक असते: वडिलांचा देह आणि आई रेणुका यांना कावडीत घालून परशुराम इथवर आला, दत्तात्रेयांनी अंत्यविधीचे पौरोहित्य केले, रेणुका सती गेली, आईसाठी व्याकूळ झालेल्या लेकाला पुढे जमिनीतून तिचे फक्त मुख दिसले. मातृतीर्थाचे कुंड त्याच कथेतले. गाभाऱ्याबाहेर मात्र लक्ष जाते ते खलबत्त्याच्या आवाजाकडे. विड्याची पाने, कात, सुपारी, बडीशेप असे सगळे एकत्र कुटून त्याचा ओलसर गोळा होतो. तोच देवीचा नैवेद्य आणि तोच प्रसाद. जिभेवर ठेवला की चावावा लागत नाही.

इथवरचे माहूर सगळ्यांचे. आता गावाजवळच्या देवदेवेश्वराकडे वळू. महानुभाव पंथीयांच्या दृष्टीने हे श्रीदत्तात्रेय प्रभूंचे निद्रास्थान. लोकपरंपरेत दत्तात्रेय काशीला स्नान करतात, कोल्हापुरात भिक्षा मागतात आणि झोपायला माहूरला येतात. एसटीच्या कुठल्याच वेळापत्रकात न बसणारा हा दिनक्रम भाविक अगदी सहज सांगतात.

खरी गंमत पुढे आहे. तेराव्या शतकात महानुभाव पंथाचे प्रवर्तक चक्रधरस्वामींनी जी विचारप्रणाली मांडली आणि त्यांच्या परंपरेतल्या केसोबासांनी सूत्रपाठात जी गुंफली, तिच्यात विश्वाचा अख्खा नकाशा आहे. जीव, देवता, प्रपंच आणि परमेश्वर असे चार वेगवेगळे, अनादी पदार्थ. त्यांतल्या देवतांची नऊ थरांची उतरंड. सगळ्यात खाली कर्मभूमीच्या देवता, म्हणजे आपल्या गावशिवारातल्या. त्यांच्या वर अष्टदेवयोनी, मग अंतराळीच्या, मग स्वर्गीच्या. पाचव्या थरावर सत्य, कैलास आणि वैकुंठ. त्यावर क्षीराब्धी, त्यावर अष्टभैरव, त्यावर विश्व आणि टोकाला चैतन्य माया. देवतांची एकूण संख्या ८१ कोटी १ लाख २५ हजार १०. ज्या वैकुंठाची आस आपले वारकरी आयुष्यभर धरतात, ते या नकाशात अधल्यामधल्या मजल्यावर येते. सगळ्या देवता फळ देतात, म्हणजे सुख, भोग, दीर्घ वास. फळ सरले की जीव पुन्हा फेऱ्यात. सुटका देणारा परमेश्वर या उतरंडीच्या बाहेरच आहे. त्याचे पाच अवतार: श्रीकृष्ण, दत्तात्रेय, चक्रपाणी, गोविंदप्रभू आणि चक्रधर. त्यांतल्या दत्तात्रेयांचे ठिकाण हे माहूर.

१९७४ साली अमेरिकेत आलेल्या ‘डन्जन्स अँड ड्रॅगन्स’ या खेळाने एकावर एक लोक रचलेली काल्पनिक विश्वे जगभरच्या पोरांच्या हाती दिली. तिथे नवा लोक हवा असेल तर पुढच्या पुस्तकात छापता येतो. आपल्याकडची मोजदाद शेवटच्या दहापर्यंत पक्की आहे, आणि ती खेळ म्हणून कोणी केलेली नाही. शिवाय ती शेकडो वर्षे कुलपात होती. महानुभावांनी आपले ग्रंथ सकळ लिपीसारख्या सांकेतिक लिप्यांत लिहून ठेवले. इतिहासाचार्य राजवाड्यांनी या लिपीची उकल केल्यावर बाहेरच्या जगाला हे मराठी गद्य वाचता येऊ लागले.

डोंगराने या तत्त्वज्ञानाला एक प्रसंगही दिला. फलटणचे चक्रपाणी माहूरला आले, तेव्हा दत्तात्रेय वाघाच्या रूपात समोर आले आणि त्यांनी आपला पंजा चक्रपाणींच्या मस्तकावर ठेवला, असे महानुभावांच्या लीळाचरित्राची परंपरा सांगते. शक्ती मिळाली ती अशी. इथले जंगल पाहिले की ही कल्पना कुठून आली असेल, असे विचारावेसे वाटत नाही. यवतमाळकडच्या टिपेश्वर अभयारण्यात आजही वाघ आहेत. २०१९ मध्ये तिथला एक तरुण वाघ तेराशे किलोमीटर चालून बुलढाण्याच्या ज्ञानगंगेत पोचला होता. वाघांचा विषय निघालाच आहे तर हेही सांगायला हवे की औरंगजेबाने ‘रायबागन’ म्हणजे राजवाघीण असा किताब दिलेल्या सावित्रीबाई देशमुख याच माहूरच्या. १६६१ च्या उंबरखिंडीच्या लढाईत त्या मोगलांच्या बाजूने होत्या.

म्हणजे एकाच डोंगरावर विश्वाचे दोन हिशेब मांडलेले आहेत. एका शिखरावर जगदंबा सर्वोच्च, तर शेजारी तिच्यासकट सगळ्या देवता उतरंडीत बसवलेल्या. कट्टर महानुभाव साधक देवतांच्या पूजेपासून दूर राहतो. तरीही गावात त्यावरून भांडण नाही. देवदेवेश्वरी ‘दंडवत प्रणाम’, तिकडे ‘उदो उदो’, आणि दोघांच्या बसचा थांबा तोच. योगायोग असा की देवदेवेश्वराच्या उपासनेतही विडा अवसर, म्हणजे विडा अर्पण करण्याचा विधी, आहे. इथे स्थानांच्या दगडी ओट्यांवर कपाळ टेकवून बसलेली माणसे भेटतात. त्यांची तंद्री मोडू नका.

पांडवलेणी आणि किल्ला मी एका वाक्यात संपवतो. दोन्ही पाहावेत, पण उन्हात नकोत.

माझे मत विचाराल तर माहूरला एक रात्र काढल्याशिवाय जाऊ नये. सकाळी रेणुका, दुपारी दत्तशिखर आणि अनसूया, संध्याकाळी देवदेवेश्वर, अशा क्रमाने जा. तिथल्या एखाद्या महंतांना नऊ थरांबद्दल विचारा. जिज्ञासूला उत्तर मिळते. नवरात्र आणि दत्तजयंतीला पाय ठेवायला जागा नसते, तेव्हा ते दिवस टाळलेले बरे. रेल्वेने यायचे तर जवळचे स्थानक किनवट, मुदखेड–आदिलाबाद मार्गावर. तिथून पुढे एसटी आहे.